चर्चेआधी सिनेमा

प्रिय,

पत्र मिळालं. स्पॅनिश टीव्हीवरची ‘लोस सांतोस इनोसेंतेस’ या सिनेमावरची, जमीनदाराच्या वाड्यावर राबणाऱ्या गरीब कुटुंबाच्या गोष्टीवरची चर्चा तू दोनदा ऐकलीस, चार पानं टिपणं काढलीस. मेहनत दिसते. पण चारही पानांत तज्ज्ञ काय म्हणाले तेच आहे. तुला काय दिसलं?

दिग्दर्शक होसे लुईस गार्सी १९९५ ते २००५ अशी दहा वर्षं तिकडच्या टीव्हीवर सिनेमे दाखवत. आधी छोटी ओळख, मग अख्खा सिनेमा, गप्पा शेवटी. तूही हाच क्रम ठेव.

१९८४ साली फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात या सिनेमासाठी अल्फ्रेदो लांदा आणि फ्रान्सिस्को राबाल यांना अभिनयाचं पारितोषिक विभागून मिळालं, हे कुठल्याही चर्चेत येणारच. लांदा तोवर विनोदी सिनेमांचा नट म्हणून ओळखला जायचा, हेही येईल. ते ऐक आणि त्याने केलेला पाको, वाड्यावरचा गडी, पुन्हा बघ. शिकारीत पडलेला पक्षी शोधायला तो चार पायांवर येतो, जमीन हुंगत जातो. मला त्या चेहऱ्यावर अपमान दिसत नाही. आपल्यासारखं नाक कुणाला नाही, याचा अभिमान दिसतो. माझ्या अंगावर काटा येतो तो त्या अभिमानामुळे. आणि मालक परदेशी पाहुण्यासमोर गड्यांना आपापली नावं लिहून दाखवायला लावतो, तेव्हा पाकोच्या बायकोच्या, रेगुलाच्या बोटांकडे बघ. रेगुला झालेल्या तेरेले पावेसने ते एकेक अक्षर अक्षरशः ओढून काढलंय.

तू ‘वेठबिगारी’ हा आपला शब्द लगेच वापरलास. मोह मला कळतो, पण जरा थांब. हा स्पेनच्या पश्चिमेकडचा एक्स्त्रेमादुराचा मुलूख आहे, हुकूमशहा फ्रँकोच्या राजवटीतलं साठचं दशक आहे. त्या वाड्यावर ‘हुकूम करा, त्यासाठीच तर आम्ही आहोत’ असं म्हणण्याची जी रीत आहे, ती आधी तिच्या मातीत समजून घे.

सिनेमा मिगेल देलिबेसच्या १९८१च्या कादंबरीवरून केलेला आहे, पण त्या कादंबरीत नसलेली एक गोष्ट दिग्दर्शक मारिओ कामुसने सिनेमात आणली. पाको-रेगुलाची पोरं वाडा सोडून गेली आहेत, किर्से सैन्यात, निएवेस कारखान्यात, आणि गोष्ट त्यांच्या आजपासून मागे जाते. सगळे शेवटाबद्दल बोलतात. मला ही पोरं जास्त महत्त्वाची वाटतात.

पुढच्या पत्रात टिपणं नकोत. रेगुला फाटक उघडते ते एकच दृश्य लिही. ती कुठे उभी राहते, गाडी आत येताना कुणाकडे बघते.

अनेक आशीर्वाद.