कॅमेऱ्यामागचा कान

प्रिय मित्रा,
अनेक आशीर्वाद.

परवा कॉलेज रोडला भेटलास तेव्हा घाईत होतास. ‘आता लग्नाच्या ऑर्डरी बंद, कॅमेरा सोडून डायरेक्शनच करणार,’ एवढं सांगून निघून गेलास. तो ‘सोडून’ शब्द तेव्हापासून माझ्या डोक्यात घोळतोय.

गोविंद निहलानींचंच बघ. बंगळूरला सिनेमॅटोग्राफी शिकले, छायाचित्रकार व्ही. के. मूर्तींच्या हाताखाली राबले. १९७१च्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’चा कॅमेरा त्यांचा. पुढे श्याम बेनेगलांचे ‘अंकुर’, ‘निशांत’, ‘मंथन’, ‘भूमिका’, ‘जुनून’. त्यांचा स्वतःचा ‘आक्रोश’ आला तो १९८० साली. जवळजवळ दहा वर्षं हा माणूस दुसऱ्यांच्या गोष्टींना उजेड देत होता. आणि डायरेक्टर झाल्यावर कॅमेरा सोडला का? ‘आक्रोश’ काय, ‘अर्धसत्य’ काय, दोन्हींचं छायाचित्रण त्यांचंच.

‘आक्रोश’ पुन्हा बघ, या वेळी घाई न करता. लहान्या भिकूवर बायकोच्या खुनाचा आरोप आहे आणि तो स्वतःच्या वकिलापुढेही तोंड उघडत नाही. ओम पुरींचा चेहरा तेवढा समोर. पहिल्याच चित्रपटात असा गप्प माणूस मध्यभागी ठेवायचा, तर चेहऱ्यावर उजेड कुठून पडला की काय कळतं, हे आधी हाडात मुरलेलं असावं लागतं. लेखन विजय तेंडुलकरांचं, ज्यांच्या नाटकावरच्या सिनेमाला निहलानींनी १९७१ साली कॅमेरा लावला, त्यांचंच. डोळ्याबरोबर शब्दांचीही संगत निहलानींनी इतकी वर्षं धरली होती.

तुझा उजेड अजून कच्चा आहे, हे स्पष्टच सांगतो. काळारामाच्या देवळाचा जो बाहेरचा शॉट तू दाखवलास, त्यात दगड राखाडी आलाय. ऑटोवर ठेवलं की कॅमेरा काळ्यालाही करड्याकडे ओढतो. मॅन्युअलवर ये, एक-दीड स्टॉप खाली उतर, म्हणजे उजेड तेवढा कमी घे. दगड काळा होईल, आणि पायरीवर बसलेल्या आजींच्या पातळाचा काठ आपोआप उठून दिसेल. तुझ्या शॉटमध्ये त्या आजी होत्या, पण दिसतच नव्हत्या.

आपल्या त्र्यंबकच्या फाळक्यांनी १९१२ साली लंडनहून कॅमेरा आणला आणि आधी कुंडीतल्या वाटाण्याची वाढ एकेक फ्रेम करत टिपली. ती फिल्म दाखवून मग भांडवल उभं केलं. मला वाटतं, तुझी पहिली शॉर्टफिल्म तेवढीच छोटी असावी.

आता माझी गोष्ट, जी मी फारशी कुणाला सांगत नाही. गारपिटीनंतर निफाडकडे एका द्राक्षबागेत डॉक्युमेंटरी करत होतो. डायरेक्शन माझं, कॅमेराही माझाच. उन्हं कलली होती. तडकलेल्या मण्यांतून मागचा उजेड असा येत होता की मी घडाला चिकटून बसलो, फोकस पुढे-मागे करत. माझ्या पाठीमागे बागाईतदार बोलत होते, सोसायटीच्या कर्जाबद्दल, मग मुलीच्या लग्नाबद्दल. बोलता बोलता त्यांचा आवाज बसला आणि ते थांबले. मी वळलो तोवर ते बांधाकडे चालू लागले होते. ‘पुन्हा एकदा सांगता का’ म्हणायला माझी जीभ रेटली नाही. कॅमेरामन म्हणून त्या दिवशी मी उत्तम काम केलं. डायरेक्टर मात्र त्या बागेत नव्हताच.

म्हणून लग्नाच्या ऑर्डरी एवढ्यात बंद करू नकोस. अंतरपाट धरला असताना सगळे नवरा-नवरीवर फोकस लावतात. तू एका कानाने मुलीच्या बापाकडे लक्ष ठेव आणि त्याचा श्वास बदलला की कॅमेरा तिकडे ने. फ्रेम थोडी हलली तरी चालेल. पार्टीला हवे ते शॉट आधी घे, अर्थात. पैसे त्यांचे आहेत.

रविवारी पहाटे सहाला रामकुंडावर ये. कॅमेरा स्थिर धरणारं ते गिंबल घरी ठेव, एकच ५० मिमीची लेन्स आण. नंतर माझ्याकडे चहाला जाऊ. त्या बागेचं फुटेज अजून जपून ठेवलंय. घडाच्या शॉटमागे त्यांचा आवाज ऐकू येतो. तो तू हेडफोन लावून ऐकावास, अशी इच्छा आहे.

तुझा,
काका