पायाला 40 टक्के अपंगत्व आलं, तर भरपाईही 40 टक्क्यांवरच मिळते का?

नाही. तुमच्या भावाच्या बाबतीत तर अजिबात नाही. तुम्ही लिहिलंय की तो 32 वर्षांचा, शिरोलीच्या फाउंड्रीत मोल्डर, पगार 15 हजार. हायवेवर मागून आलेल्या टेम्पोनं उडवलं, त्याला चार महिने झाले. गुडघा वाकत नाही, डॉक्टर 40 टक्के येतील म्हणतात आणि विमा कंपनीचा माणूस अडीच लाखांत मिटवू म्हणतोय.

मी कोल्हापुरात कसबा बावड्याच्या कोर्टात वकिलांकडे कारकून आहे. अपघाताच्या क्लेमचे कागद रोज हाताखालून जातात.

सर्टिफिकेटवरचा आकडा शरीराचा असतो, तोही बहुतेकदा त्या एका पायाचा. कोर्टाला बघायचं असतं ते कमाई किती गेली. सुप्रीम कोर्टानं 2010 च्या राजकुमार विरुद्ध अजय कुमार निकालात हे फोड करून सांगितलंय: डावा हात गेला तर ड्रायव्हर किंवा सुताराची कमाई जवळजवळ शंभर टक्के बुडते, सरकारी कारकुनाची नोकरी मात्र टिकू शकते. मोल्डरचं काम म्हणजे उकिडवं बसून साचा ठोकायचा, वितळलेलं लोखंड घेऊन चालायचं. ताठ गुडघ्यानं हे होईल का, हाच तुमचा मुद्दा.

हिशेब असा बसतो. वर्षाचे 1 लाख 80 हजार. वय 40 च्या आत आणि नोकरी कायम नसेल, तर पुढच्या वाढीचे 40 टक्के धरतात, म्हणजे 2 लाख 52 हजार. 31 ते 35 वयाला गुणक 16, म्हणजे वर्षाची कमाई वयानुसार जितक्यानं गुणायची तो आकडा. झाले 40 लाख 32 हजार. यातले 40 टक्के धरले तर 16 लाखांच्या वर, 75 टक्के धरले तर 30 लाखांच्या वर. विमा कंपनीचे वकील उलट सांगणार, 40 टक्के पायाचे आहेत, पूर्ण शरीराचे त्याहून बरेच कमी धरा. म्हणून सगळा जोर पुराव्यावर. फाउंड्रीतला सुपरवायझर किंवा मालक साक्षीला आणा, काम काय होतं आणि आता का देता येत नाही ते त्याच्या तोंडून येऊ दे. पगार बँकेत जमा होत असेल तर पासबुक, नसेल तर हजेरी रजिस्टर. सर्टिफिकेट सीपीआरमधून (कोल्हापूरचा सरकारी दवाखाना) आणा, पण नुसता कागद जोडून भागत नाही. तपासणाऱ्या किंवा उपचार करणाऱ्या डॉक्टरांची साक्ष लागते. तिथं ढिले पडलेले क्लेम मी बरेच बघितलेत.

औषधपाणी, बुडालेला पगार, सांभाळायला माणूस ठेवला त्याचा खर्च, पुढची ऑपरेशनं, वेदना हे सगळं याच्या वर, वेगळं. बिलं जपा.

आता अडीच लाखांचं. मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली गंभीर दुखापतीला चूक कोणाची हे सिद्ध न करता तेवढी रक्कम मिळते. पण ती रीतसर स्वीकारली की कलम 166 चा मोठा क्लेम संपतो, हे तो माणूस सांगणार नाही. सही करू नका. (दवाखान्यातच वकीलपत्रावर सह्या घेत फिरणाऱ्यांनाही हेच लागू.)

आणि सर्टिफिकेटची वाट बघत बसू नका. 1 एप्रिल 2022 पासून क्लेमला सहा महिन्यांची मुदत आहे, तुमचे दोनच उरलेत. एफआयआर, पंचनामा, डिस्चार्ज कार्ड, टेम्पोच्या पॉलिसीची प्रत एवढ्यावर अर्ज दाखल होतो, टक्केवारी मागाहून जोडता येते. अपघात दुसऱ्या जिल्ह्यात झाला असला तरी भाऊ इथं राहतो, त्यामुळं अर्ज कोल्हापुरातच चालेल. निकालात रक्कम कमी पडली तर 90 दिवसांत हायकोर्टात अपील. त्यासाठी आता मुंबई गाठावी लागत नाही, ऑगस्ट 2025 पासून हायकोर्टाचं सर्किट बेंच कोल्हापुरातच आहे.