पत्रकारितेतून माहितीपटाकडे, आणि तोही चीनवर

सांगलीहून एका वडिलांनी लिहिले आहे : ‘मुलगी दोन वर्षे एका दैनिकात वार्ताहर आहे. झोऊ हाओ या चिनी दिग्दर्शकाचा माहितीपट पाहिल्यापासून नोकरी सोडून फिल्म शिकायची आणि पुढे चीनमधील समाजावर माहितीपट करायचे, असे ती म्हणते. तिने राजीनामा द्यावा का? पोटापाण्याचे काय?’

सप्रेम नमस्कार.

राजीनामा तूर्त देऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे. मात्र तिची दिशा चुकीची आहे, असे मी म्हणणार नाही. झोऊ हाओ माहितीपटांकडे वळण्यापूर्वी शिन्हुआ ही चीनची सरकारी वृत्तसंस्था आणि ‘सदर्न वीकली’ हे चिनी साप्ताहिक येथे छायाचित्र-पत्रकार होते. त्यांच्या २०१५ च्या गाजलेल्या माहितीपटात शान्शी प्रांतातील दातोंग या कोळशाच्या शहराचा महापौर जुनी तटबंदी नव्याने उभारण्यासाठी सुमारे पाच लाख रहिवाशांना हलवायला निघालेला दिसतो. सकाळी तो घराबाहेर पडताच हातात कागद घेतलेली माणसे त्याला गाठतात, कामाच्या अतिरेकावरून बायको त्याला कॅमेऱ्यासमोर खडसावते, आणि २०१३ मध्ये त्याची बदली होते तेव्हा त्याला इथेच ठेवा म्हणत लोक रस्त्यावर उतरतात. अमेरिकेतील सनडान्स चित्रपट महोत्सवात या माहितीपटाला विशेष पुरस्कार मिळाला तो दिग्दर्शकाने महापौराच्या इतक्या जवळ मिळवलेल्या असाधारण प्रवेशासाठी. सत्तेतला माणूस इतका काळ कुणाला जवळ उभे राहू देतो, ते ओळखीवर आणि विश्वासावर; आणि हे कसब पंचायत समितीच्या आवारात बातमी मिळवतानाच अंगी बाणते. कॅमेरा आणि संकलन त्या मानाने लवकर शिकता येते.

दुसरे उदाहरण चाय जिंग यांचे. चीनच्या सरकारी दूरचित्रवाणीवर काम केलेल्या या नामवंत पत्रकाराने स्वतःचे सुमारे दहा लाख युआन खर्चून हवेच्या प्रदूषणावर केलेला माहितीपट फेब्रुवारी २०१५ च्या अखेरीस इंटरनेटवर आला, काही दिवसांत कोट्यवधी वेळा पाहिला गेला आणि आठवडाभरात चिनी संकेतस्थळांवरून काढलाही गेला. खर्च स्वतःचा आणि प्रदर्शनाची शाश्वती नाही, हे या क्षेत्राचे वास्तव मुलीला आधीच ठाऊक असावे.

आपल्या मुलीपुढे याहून मोठी अडचण आहे ती चीनमध्ये प्रवेशाची. तेथे वार्तांकनासाठी पत्रकारांचा स्वतंत्र व्हिसा लागतो, पर्यटक म्हणून जाऊन असे काम करता येत नाही, आणि २०२३ मध्ये दोन्ही देशांनी एकमेकांच्या पत्रकारांचे व्हिसा रोखल्यानंतर चीनमध्ये भारतीय वार्ताहर जवळजवळ उरलेच नाहीत. म्हणून आज पहिली गुंतवणूक भाषेत करावी. तिने नोकरी सांभाळून मँडरिन, म्हणजे चीनची प्रमाण भाषा, सुरू करावी, एचएसके या चिनी भाषेच्या प्रावीण्य परीक्षेची चौथी पातळी गाठावी, आणि मगच पूर्णवेळ शिक्षणाचा विचार करावा. दिल्लीच्या जवाहरलाल नेहरू विद्यापीठात चिनी भाषेचे पदवी व पदव्युत्तर शिक्षण मिळते. दुभाष्या, अनुवादक किंवा आयात-निर्यात कंपनीतील नोकरी ही त्या भाषेची बाजारातील किंमत आहे. आपल्या पोटापाण्याच्या प्रश्नाचे उत्तर मला माहितीपटापेक्षा इथे अधिक भक्कम दिसते.

दरम्यान तिने मिरजेतील एखाद्या सतारमेकराच्या कारखान्यात किंवा हळदीच्या सौद्यात वर्षभर जाऊन वीस मिनिटांचा माहितीपट स्वतःच्या फोनवर करावा. पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट-शिक्षण संस्थेत किंवा दिल्लीच्या जामिया मिल्लिया विद्यापीठात प्रवेश घ्यायचे ठरलेच, तर मुलाखतीत दाखवायला तो हाताशी असेल.