कन्नडमधील प्रेमकादंबरी कशी घडली आणि ती वाचकांना एवढी का आवडते?

आपला प्रश्न कन्नड प्रेमकादंबरीची वाटचाल आणि तिची लोकप्रियता यांविषयी आहे. मी अनेक वर्षे धारवाडला राहते आणि कन्नड वाचायला शिकले ती याच कादंबऱ्यांवर, त्यामुळे हा विषय माझ्या जिव्हाळ्याचा आहे.

या कादंबरीचा उगम समाजसुधारणेत आहे. १८९९ साली आलेल्या गुलवाडी वेंकटराव यांच्या 'इंदिराबाई'मध्ये एक तरुण विधवा शिकते आणि पुनर्विवाह करते. पुढे गळगनाथांनी हरि नारायण आपट्यांच्या कादंबऱ्या कन्नडमध्ये आणल्या. कन्नड वाचकाला कादंबरीची गोडी लागण्यात मराठीचाही वाटा आहे, हे आपल्याकडे फारसे कोणाला ठाऊक नसते.

खरे वळण मात्र त्रिवेणी यांनी दिले. मानसशास्त्र शिकलेल्या या म्हैसूरच्या लेखिकेला उणीपुरी पस्तीस वर्षेही आयुष्य लाभले नाही (१९२८–१९६३), पण तेवढ्यात त्यांनी वीसेक कादंबऱ्या लिहिल्या. 'बेळ्ळि मोड', म्हणजे रुपेरी ढग, या कादंबरीतील इंदिरा ही कॉफीच्या मळ्याच्या मालकाची एकुलती एक मुलगी. तिचे लग्न ठरते, पण तिला भाऊ होतो आणि इस्टेटीला वारस आला म्हणताच नियोजित वराचे मन फिरते. पुढे तो जायबंदी होऊन पडतो, तेव्हा इंदिराच त्याची शुश्रूषा करते; त्याला पश्चात्ताप होतो, तो पुन्हा मागणी घालतो आणि ती नकार देते. लग्न ठरवताना मुलीचे मन क्वचितच विचारले जाई अशा काळात तिचा हा नकार घराघरांत वाचला गेला. माझ्या मते या कादंबऱ्यांचे आकर्षण इथेच आहे: दोघांचे जमणार की नाही, यापेक्षा ती काय ठरवणार याची वाचकाला ओढ लागते.

पुढे साईसुते, उषा नवरत्नराम अशा लेखिकांना साप्ताहिकांनी घरोघरी पोहोचवले. आमच्या शेजारच्या अक्कांनी 'सुधा'तील क्रमशः कादंबऱ्यांची पाने कापून, सुई-दोऱ्याने शिवून ठेवली होती. ती बाडे गल्लीभर फिरत आणि कडांना हळदीचे डाग घेऊन परत येत. त्या साऱ्याच कादंबऱ्या त्रिवेणींच्या तोलाच्या नाहीत, काहींचा शेवट तर दुसऱ्याच प्रकरणात कळतो.

आपल्याला कन्नड वाचता येत असेल तर 'बेळ्ळि मोड'पासून सुरुवात करावी. येत नसेल तर तिच्यावर पुट्टण्णा कणगाल यांनी १९६७ साली केलेला त्याच नावाचा चित्रपट अवश्य पाहावा.