पंचकोनी फरशी का बसत नाही?

प्रश्न : पॉल स्टाइनहार्ट यांच्या पुस्तकात क्वासिक्रिस्टल (अणूंची मांडणी नियमबद्ध, पण तीच नक्षी पुन्हापुन्हा न येणारा घन पदार्थ) याविषयी वाचले. स्फटिकात पंचकोनी रचना अशक्य का मानत? घरी पडताळता येईल? (वाचक, खानापूर)

उत्तर : पुठ्ठ्याचे तीन नियमित पंचकोन एका बिंदूशी जुळवा. प्रत्येकाचा कोन १०८ अंशांचा, १०८ त्रिक ३२४; पूर्ण फेरी ३६० अंशांची. ३६ अंशांची फट उरते, चौथा शिरत नाही. नेहमीच्या स्फटिकात एकच घटक फट न सोडता पुन्हापुन्हा रचलेला असतो, म्हणून त्यात पंचकोनी रचना अशक्य मानत. आपली शहाबादी चौकोनी असते ती उगाच नव्हे!

आता ५ सेंमी बाजूचे समभुज चौकोन कापा : ८ जाड (७२–१०८ अंश), ५ बारीक (३६–१४४). ही गणितज्ञ रॉजर पेनरोज यांची, पुन्हा तशीच न येणारी नक्षी. कडांवर जुळणीच्या खुणा हव्यातच. नाहीतर तीच नक्षी पुन्हापुन्हा येते. खुणा असूनही मध्येच अडते, तेव्हा चार-पाच तुकडे उचलून मागे या. अशी रचना शास्त्रज्ञ डॅन शेख्टमन यांना १९८२ मध्ये ॲल्युमिनियम-मँगनीजच्या मिश्रधातूत दिसली. स्टाइनहार्ट यांचे विश्वोत्पत्तीवरचे पुस्तक मात्र निराळे. त्यातले चक्रीय विश्व (विश्व पुन्हापुन्हा नव्या चक्रातून जाते ही कल्पना) अजून वादातच आहे.