बालकलाकार म्हणून सुरुवात करून दिग्दर्शक झालेला मराठी अभिनेता कोण?

सचिन पिळगांवकर. राजा परांजपे यांच्या 'हा माझा मार्ग एकला'मध्ये ते पडद्यावर आले तेव्हा जेमतेम चार-पाच वर्षांचे होते. पुढे हिंदीत 'मास्टर सचिन', मग 'गीत गाता चल'चे नायक, 'शोले'तला अहमद. १९८२ साली 'नदिया के पार' गाजला आणि त्याच साली 'मायबाप'पासून त्यांनी दिग्दर्शन सुरू केलं. १९८८चा 'अशी ही बनवाबनवी' तर सांगायलाच नको.

आम्हां रत्नागिरीकरांना मात्र 'नवरा माझा नवसाचा' (२००४) जास्त जवळचा. नवस फेडायला निघालेलं जोडपं, गणपतीपुळ्याची एसटी आणि कंडक्टर अशोक सराफ! जवळजवळ अख्खा सिनेमा त्या लाल डब्यात घडतो, तरी कंटाळा येत नाही, हे दिग्दर्शकाचं काम. गणपतीला मुंबईहून येणाऱ्या गाडीत अजून कुणीतरी त्यातला डायलॉग मारतंच, आणि मागच्या सीटवरून पुढचं वाक्य येतं. २०२४च्या दुसऱ्या भागात एसटी जाऊन कोकण रेल्वे आली. मला विचाराल तर एसटीच बरी होती.