मूकपटात पोरगा मधूनच परतला कसा?

प्रश्न : आम्ही मोबाइलवर तीन मिनिटांचा मूकपट करतोय. बापाचा डबा घरीच राहतो आणि मुलगा तो घेऊन कपाशीच्या शेताकडे निघतो. पण बघणारे विचारतात, ‘पोरगा मधूनच घरी का परतला?’ पडद्यावर मजकूर दाखवणाऱ्या पाट्या वाढवाव्यात का? त्या अहिराणीत चालतील का?
– एक वाचक, अमळनेर तालुका

उत्तर : पाट्या वाढवू नका, घोळ दिशेचा आहे. एका शॉटमध्ये मुलगा डावीकडून उजवीकडे चालत असणार, आणि पुढचा शॉट रस्त्याच्या पलीकडून घेतल्यामुळे उजवीकडून डावीकडे. बघणाऱ्याला तुमचा रस्ता ठाऊक नसतो, पडद्यावरची दिशा तेवढी दिसते.

१९०५चा ‘रेस्क्यूड बाय रोव्हर’ हा इंग्लिश लघुपट जरूर पाहा. पळवलेल्या बाळाच्या शोधात कुत्रा निघतो. जाताना तो कॅमेऱ्याच्या दिशेनं धावत येतो. मालकाला आणायला परततो तेव्हा त्याच जागा उलट्या क्रमानं येतात आणि तो कॅमेऱ्यापासून दूर जातो. जाणं आणि येणं सांगावं लागत नाही.

कागदावर डावीकडे घर, उजवीकडे शेत काढा. मध्ये गल्ली, पार, नाला, बांध. सगळीकडे कॅमेरा रस्त्याच्या एकाच बाजूला ठेवा. मुलगा चौकटीत शिरण्याआधी दोन सेकंद आणि बाहेर पडल्यावर दोन सेकंद रेकॉर्डिंग चालू राहू द्या, नाहीतर जोडताना कापायला जागा उरत नाही. नाल्यापाशी उन्हामुळे बाजू बदलावीच लागली, तर मध्ये मुलगा सरळ कॅमेऱ्याकडे येतोय असा शॉट घाला. मग नवी दिशा खटकत नाही.

डबा राहिला हेसुद्धा पाटीवर लिहू नका. आई कोनाड्याकडे पाहते. लगेच कोनाड्यातला डबा, फडक्याची गाठ दिसेल इतका जवळून, तीन सेकंद. पुन्हा आईचा चेहरा. इंग्लिश दिग्दर्शक जी. ए. स्मिथ यांनी १९०० साली ‘ग्रँडमाज रीडिंग ग्लास’ या मूकपटात हेच केलं. नातू आजीचं भिंग डोळ्याला लावतो, आणि पुढे गोल चौकटीत घड्याळ, पक्षी, खुद्द आजीचा डोळा! कोण पाहतंय ते आधी कळलं, म्हणून त्या डोळ्याची गंमत.

अहिराणी पाटी मात्र एक हवीच. डबा उघडताना बाप पोराला विचारतो, ‘तू जेवना का?’ (तू जेवलास का?) त्याचे ओठ हलू लागले की कापा, काळ्यावर पांढऱ्या अक्षरांत पाटी द्या, सावकाश दोनदा वाचून होईपर्यंत ठेवा, आणि मग पोराच्या चेहऱ्यावर या. उत्तराची पाटी नको.